स्टार्टरच्या पेटीतली खार

मला एक वाईट खोड आहे. कुणाचं घर दिसलं की आत काय आहे ते बघितल्याशिवाय मला चैन पडत नाही. मग ते माणसाचं असो की मुंगीचं. निमगाव सावाला आमच्या शेतात हिंडताना उंदराचं बीळ दिसलं तरी मी वाकते, आणि आमचे मालक म्हणतात, बसल्या बाईसाहेब चौकशीला. बसते. तुमचं काय जातं?

खारीवर तर माझा फार दिवसांपासून डोळा होता. रामाने तीन बोटं फिरवली म्हणून तिच्या पाठीवर तीन पट्टे, असं शाळेत ऐकलेलं. आमच्या बाभळीवरची खार मी नीट न्याहाळली तर पट्टे पाच निघाले. आता रामाने सगळा पंजाच फिरवला म्हणायचं की काय? घोडेगावच्या वरच्या डोंगरातून कांदे लावायला बाया येतात. त्या सांगायच्या, आमच्याकडचं शेकरू जमिनीला पाय लावत नाही आणि एकाला चार घरं बांधून ठेवतं. आमची खार मात्र अर्धा दिवस जमिनीवरच. बांधावर उकरणार, शेंगा पळवणार, मी जवळ गेले की शेपटी झटकत चिर्रचिर्र करून शिव्या देणार. तिचं घर काही मला सापडत नव्हतं.

सापडलं ते मार्चात, मोटरच्या पेटीत. कांदा पोसायला लागला होता आणि पाण्यावाचून पात मान टाकत होती. त्या आठवड्यात लाईट दिवसाची होती, दुपारनंतर जायची. सकाळी लाईट आली तरी मोटर काही उचलेना, म्हणून मालकांनी मेन स्विच पाडून पेटी उघडली. स्टार्टरच्या मागे लोकरीचा हा मोठा गोळा. तो उपसायला हात घातला तर आत काहीतरी वळवळलं. चार पिल्लं होती, गुलाबी, अंगावर केस नाही की उघडा डोळा नाही.

लोकर आमचीच होती. माझे सासरे, म्हणजे आबा, जन्मभर मेंढरांमागे हिंडलेले. चरायला माळ उरला नाही आणि गुडघ्यांनीही साथ सोडली, तेव्हा त्यांनी कळप बेल्ह्याच्या बाजारात नेऊन विकला. शेवटच्या कातरणीची लोकर तेवढी पोत्यात भरून ठेवली होती. त्या पोत्याला भोक पाडून खारीने गादी केलेली. मेंढरं गेल्यापासून आबा बोलेनासेच झाले होते. विचारलं तर हूं, नाही तर आपले बांधावर बसून. घर मला नुसतं खायला उठायचं.

त्या दिवशी मात्र ते लगबगीने आले आणि मुलावर असे बरसले की विचारू नका. पिल्लांना हात लावलासच कसा? मेंढी वासावर लेकरू ओळखते, कोकराला परका वास लागला की ढुशी मारून लोटून देते, पाजत नाही. खारीचंही तेच असणार, असं त्यांचं गणित. आणि मालकांचे हात तर ऑईलने बरबटलेले. आबांनी ती पिल्लं काडीने हळूच घमेल्यात घेतली, वास जावा म्हणून त्यांच्याच लोकरीत घोळली आणि घमेलं पेटीखाली सावलीला ठेवलं. आई चारही पिल्लं नेईपर्यंत मोटर चालू करायची नाही, आवाजाने ती फिरकणार नाही, असा हुकूम सोडला.

मालक तडकले. लाईट गेली की आजचं पाणी गेलं, उद्याचा काय भरवसा, असं म्हणायला लागले.

"कांदा उद्या पिईल," आबा म्हणाले. "ह्यांना उद्या न्हाई."

मालक तोंड फुगवून लिंबाखाली बसले. मी आबांच्या बाजूची, पण कांदाही मीच खुरपलेला होता. जीव दोन्हीकडे टांगणीला. कावळे हाकत मी तिथेच बसकण मारली.

खार आली. पेटीत डोकावली, रिकामी बघून वेड्यासारखी वर-खाली पळाली, मग घमेल्याच्या काठावर आली. तिने काय करावं? लोकर तोंडात कोंबली आणि गेली. परत आली, परत लोकर. पिल्लं उघडी पडली, तरी तिची आपली लोकरच चाललेली. असा राग आला मला. अगं भवाने, लेकरं टाकून गादी काय नेतेस?

"सोडली तिनं," आबा म्हणाले. त्यांचा चेहरा मला बघवेना.

ती पुन्हा आली, आणि या वेळी तिने पिल्लू उचललं. पोटाला धरून उचललं तर ते मफलरसारखं तिच्या मानेला गुंडाळून बसलं. बाभळीच्या ढोलीत गेली. तेव्हा माझ्या डोक्यात उजेड पडला. बाईने आधी तिकडे अंथरूण घातलं होतं, मग लेकरं न्यायला लागली होती. एक नेलं, दुसरं नेलं, तिसरंही नेलं.

चौथ्याला येईचना. वेळ चालला, मालक उठून स्विचपाशी जाऊन उभे राहिले. पिल्लाची हालचाल मंदावली होती. आबांनी वाकून ते सरळ उचललं आणि तळहातावर घेऊन दुसऱ्या हाताने झाकलं. मी म्हटलं, आबा, वास!

"लागू दे. गार पडलंय ते," म्हणाले.

बऱ्याच वेळाने खार खोडावर दिसली. आबांनी तळहात उघडून जमिनीला टेकवला आणि दगड होऊन बसले. ती थबकत थबकत आली. पिल्लू हुंगलं. मग त्यांची बोटं हुंगली, एकेक. आणि पिल्लू उचलून निघून गेली.

मालकांनी मोटर चालू केली. लाईट जायच्या आत निम्मा कांदा भिजला, निम्मा राहिला. मी तिथेच विचार करत राहिले, की मेंढी लोटते तर ही का लोटत नाही? वासाचं तिला काही वाटतच नसेल, असंही असेल. पण ती लोकर आबांनीच कातरली, आबांनीच पोत्यात दाबून भरली. मग पिल्लं तर त्या हातांच्या वासातच जन्मली की. हे मी आबांना सांगितलं. त्यांनी तळहात नाकाशी नेला आणि कितीतरी वेळ तसाच धरून ठेवला.

"मला वाटलं व्हतं, मेंढरांचा वास ग्येला," एवढंच म्हणाले.

जेवायला ते हात न धुताच पाटावर बसले. एरवी मी घर डोक्यावर घेतलं असतं. त्या दिवशी तांब्या पुढे केला नाही, भाकरी वाढली.