वहिनीची ताई झाली

पहिल्या निवडणुकीत त्या साऱ्या जिल्ह्याच्या वहिनी होत्या. नवरा पुढारी, सगळ्यांचा भाऊ. त्याचं तिकीट कापलं गेलं म्हणून त्या उभ्या राहिल्या आणि खासदार झाल्या. दुसऱ्या निवडणुकीचं पत्रक मी लिहिलं आणि त्यात ठसठशीत 'ताई' लिहिलं. कार्यकर्ते भडकले. "वहिनीच लिही वं पोरी, मतं भाऊच्या नावावर भेटतात. पडल्या तर तुह्यामुळे!" मी अक्षर बदललं नाही. दिल्लीत उभं राहून सरकारला जाब विचारणाऱ्या बाईने कुणाची बायको म्हणून मतं का मागावीत?

घाटाखालच्या खारपाणपट्ट्यात सभा होती. संसदेत भांडून त्यांनी त्या गावाला गोडं पाणी आणलं होतं. व्यासपीठावर भाऊ मधल्या खुर्चीत बसले होते आणि त्या कडेला. भाषणं सुरू व्हायच्या आत एक म्हातारी पुढे आली.

"जवाईबुवा, सरका जराक. आमच्या ताईले मधात बसू द्या."

सगळा मांडव हसला. जिल्ह्याचा भाऊ एका वाक्यात गावाचा जावई झाला आणि कडेच्या खुर्चीत सरकला. निकालाच्या दिवशी तेच कार्यकर्ते घसा बसेस्तोवर 'ताई, ताई' ओरडत होते.