बाईंच्या निरोपाची फाइल आणि चाचांची बकरी

मी सर्वांत जास्त ऋणी कुणाचा, हे सांगायला मला विचार करावा लागत नाही. कुंभार पिंपळगावच्या शाळेत आम्हाला गणित शिकवणाऱ्या बाईंचा. दहावीनंतर कॉलेजचा फॉर्म घेऊन त्या थेट आमच्या शेतात आल्या होत्या. वडील कपाशीवर फवारणी करत होते. पाठीवरचा पंप न उतरवता ते म्हणाले, "एवढी ओळ झाली की सही करतो." बाई म्हणाल्या, "आधी सही करा, मंग फवारा." त्या फॉर्मवर औषधाचा पिवळा डाग पडला होता. तो डाग घेऊनच मी जालन्याला गेलो आणि आमच्या घरातला पहिला पदवीधर झालो. बीएस्सी, कॉम्प्युटर.

या पदवीमुळे गावात माझ्याकडे टीव्हीचे रिमोट, इन्व्हर्टर आणि एकदा पिठाची गिरणीही दुरुस्तीला आली. त्यामुळे बाईंच्या सेवानिवृत्तीच्या कार्यक्रमाचं शूटिंग मीच करणार, हे मी आधीच जाहीर करून टाकलं. कॅमेरा घनसावंगीच्या शूटिंगवाल्या चाचांचा. त्यांना त्या दिवशी लग्नाची ऑर्डर होती, म्हणून त्यांनी जुना कॅमेरा मला दिला. त्याची बॅटरी फुगलेली, म्हणून तो सरळ वायरीवर चालायचा.

"एकच ध्यान ठेव बेटा," चाचा म्हणाले, "वायर निघू देऊ नको. बाकी सगळं तो बराबर करतो."

कार्यक्रमात प्रमुख पाहुणे चाळीस मिनिटं बोलले. बाई बारा मिनिटं बोलल्या. बाईंच्या आई नव्वदीच्या, पिंपळगाव रेणुकाईला असतात. त्यांना येणं जमलं नव्हतं. बाईंचं निम्मं भाषण त्यांच्याबद्दलच होतं. शेवटी बाई माझ्याकडे बोट करून म्हणाल्या, "तो कॅमेऱ्याच्या मागं लपलाय ना, तो माझा विद्यार्थी. ये रे इकडं."

मी धावलो. वाकून नमस्कार केला. टाळ्या पडल्या. परत आलो तर कॅमेरा बंद, आणि वायर माझ्या उजव्या पायात.

कार्डावर फाइल दिसत होती, चांगली मोठी, पण उघडत नव्हती. कारण मला ठाऊक होतं, आणि त्यानेच जास्त लाज वाटली. हा कॅमेरा सगळं चित्रण लिहून घेतो आणि अनुक्रमणिका शेवटी लिहितो. मधेच वीज गेली तर पानं सगळी असतात, पण कुठलं पान कशाचं हे कळत नाही. बाई आम्हाला वहीचं पहिलं पान अनुक्रमणिकेसाठी सोडायला लावायच्या. मी ते पान वही तपासायच्या आदल्या दिवशी भरायचो.

दुसऱ्या दिवशी बाईंचा फोन आला. "रविवारी आईकडं चाल्लेय. तिला दाखवायचंय. झालं का?"

"होऊन राह्यलं, बाई," मी म्हणालो. बाईंशी बोललेलं माझं पहिलं खोटं.

लॅपटॉप घेऊन मी चाचांचं दुकान गाठलं. बिघडलेले व्हिडिओ दुरुस्त करणारा एक प्रोग्राम मी मिळवला होता. तो सुरू केला की चौकट यायची: अमुक लायब्ररी फाइल सापडत नाही.

"कोण सापडत न्हाई?" चाचांनी चष्मा वर केला.

"एक छोटी फाइल असते, चाचा. ती स्वतः काही दुरुस्त करत नाही. पण ती नसली तर प्रोग्राम जागचा हलत नाही."

"म्हंजे मुलीचा मामा," चाचा म्हणाले. त्यांनी निम्म्या तालुक्याची लग्नं काढली आहेत. "वऱ्हाड तयार, बामन तयार, अन् माईकवर ओरडून राह्यले, मुलीचे मामा स्टेजकडे या. मामा पानटपरीवर."

मी मग आमच्या सरांनी कॉलेजात कधीही करू नका म्हणून सांगितलेलं नेमकं तेच केलं. भलत्याच साइटवरून ती एक फाइल उतरवली आणि फोल्डरमध्ये टाकली. नवी चौकट आली: ही फाइल या प्रोग्रामला चालणार नाही.

"दुसऱ्या लग्नातला मामा उचलून आणला तू," चाचा म्हणाले.

शेवटी प्रोग्राम काढून टाकला आणि बनवणाऱ्यांच्याच साइटवरून सगळ्या फायलींसकट पुन्हा घेतला. या वेळी तो सुरू झाला आणि त्याने एक चांगला व्हिडिओ मागितला, त्याच कॅमेऱ्याचा. हा कॅमेरा कसं लिहितो हे तो त्यावरून शिकणार होता. चाचा लग्नाचा व्हिडिओ घरी पोहोचवला की कार्ड साफ करतात. एकही जुना व्हिडिओ नव्हता. अंगणात त्यांची बकरी होती.

मी दहा मिनिटं बकरीचं शूटिंग केलं. तिने लेन्स दोनदा चाटली. या वेळी चाचा स्वतः वायर धरून उभे होते.

"मधात बकरी तर येणार न्हाई ना?" त्यांनी विचारलं.

"बिलकुल नाही. तिच्याकडून फक्त अक्षर शिकायचंय."

तरी मला धीर निघेना. तयार झालेला व्हिडिओ मी पहिल्यापासून बघितला. पाहुण्यांचं भाषण दोनदा पूर्ण ऐकलेला मी जगातला एकमेव माणूस असेन. बकरी कुठेही नव्हती. बाई बोलल्या, आईंबद्दल बोलल्या, माझ्याकडे बोट करून "ये रे इकडं" म्हणाल्या, आणि पडदा काळा झाला.

शनिवारी पेन ड्राइव्ह बाईंच्या घरी पोहोचता केला. बाई बाजारात गेल्या होत्या. सोबत हे पत्र ठेवलं:

"आदरणीय बाई,

साष्टांग नमस्कार.

व्हिडिओ सोबत आहे. फोनवर 'होऊन राह्यलं' म्हणालो तेव्हा तो मोडलेला होता, आणि मोडला माझ्याच पायाने. तुम्ही बोलावलं आणि मी वायरीसकट आलो. तो चाचांनी, त्यांच्या बकरीने आणि मी मिळून दुरुस्त केला आहे. बकरीचं आईंना सांगितलं नाही तरी चालेल.

पाहुण्यांचं भाषण एवढ्या गोंधळातूनही पूर्ण वाचलं आहे, त्याबद्दल क्षमस्व. आईंना दाखवताना ते वगळून पुढे जावं. तुमचं भाषण पंचावन्नाव्या मिनिटाला सुरू होतं.

शेवटचा भाग मात्र कोणत्याही फाइलने परत येणार नाही, कारण तो कॅमेऱ्यात गेलाच नाही. मी पाया पडलो तेव्हा तुम्ही काय म्हणालात, असं आईंनी विचारलं तर म्हणून लिहून देतो. लोकांना वाटलं आशीर्वाद दिला. तुम्ही म्हणाला होतात, 'आधी पायातली वायर काढ, पडशील.'

वायर काढली आहे.

तुमचा,
वही उशिरा भरणारा विद्यार्थी"