शिदाप्पांचा शेवटचा चौक

डफ शेकत असताना शिदाप्पांची नजर शेवटच्या रांगेवर असायची. मी विचारलं, तर म्हणाले, “म्होरली मानसं टाळ्या द्यायलाच आल्याली असत्यात रं. मागं कोन बसलंय ते बघावं.”

निपाणीजवळच्या आमच्या गावात आप्पा शेती करायचे आणि जत्रांतून पोवाडे गायचे. मी मागं तुणतुणं धरून ‘जी जी’ करायचो. ते दिवस आठवले की अजून अंगावर मूठभर मांस चढतं.

चलेजावच्या साली गावानं पोलीस चौकी पेटवली. आप्पांनी त्यावर पोवाडा रचला आणि तो पंचक्रोशीत गाजला. एका जत्रेत पोवाडा संपल्यावर शेवटच्या रांगेतून गंगाक्का उठून आली. तिचा नवरा बाळू, आमच्याच गावचा शिपाई, त्या आगीत गेला होता.

“आप्पा, चौकीची कौलं आली, दार आलं. माझा दाल्ला तेवढा न्हाय आला पवाड्यात.”

आठवड्यानं आप्पांनी पोवाड्याला नव्या कडव्यांचा शेवटचा चौक बांधला. शाहिराचं नाव शेवटी येतं, तसं त्यांचंही त्यातच आलं:

“बाळू शिपाई गावचा आपल्या, पानी मागत मेला,
शिदाप्पा म्हने, मीबी हुतो तिथं, तांब्या न्हाई दिला.”

गाव खवळलं. पाटील म्हणाले, “आमची पोरं तुरुंगात, आन् तुमी शिपायासाठी रडताय व्हय?”

“त्येच्या शेजारी माझं नाव बांधलंय,” आप्पा म्हणाले. “त्यो तोडायचा तर मलाबी तोडा.”

त्यानंतर आम्हाला बोलावणी लई कमी झाली. आप्पांनी चौक सोडला नाही.

स्वातंत्र्य आलं तेव्हा आप्पांचा आवाज बसला होता. झेंड्यापुढं गायला मला उभं केलं. पाटील कानाशी लागले, “आज शुभ दिवस हाय. शेवटचं नगं.” मी मान डोलावली.

आप्पा शेवटच्या रांगेत गंगाक्काच्या शेजारी बसले होते. मी आदला चौक संपवला आणि थांबलो. टाळ्यांचा पाऊस पडला. गंगाक्का पदर सावरत उठून गेली.

आप्पा जवळ आले. मला वाटलं, शिव्या घालतील.

“आवाज झ्याक लागला रं तुझा,” एवढंच म्हणाले आणि आपला डफ माझ्या हातात देऊन घरी गेले. त्याच हिवाळ्यात ते वारले.

पोवाडा अजून गातात, मी थांबलो तिथपर्यंतच. छापील पुस्तिकेत खाली ‘शाहीर अज्ञात’ असं लिहिलेलं असतं. त्यांना अज्ञात मी केलं.