रूझाचा स्वतःचा आवाज

पुण्याहून इकडे परदेशी, मनुरेवाच्या घरी परतले त्याच सकाळी शेजारची एलेना वाडगा घेऊन आली. उकडलेले गहू, वर पिठीसाखर आणि अक्रोड. मी उभ्याउभ्याच दोन चमचे खाल्ले आणि म्हटलं, "फक्कड झालेत. आईनं केलेत ना? बोलव तिला कुंपणाशी."

"सुमन आंटी, आईसाठीच केलेत... आज चाळीस दिवस झाले."

त्यांच्याकडे गेलेल्या माणसाच्या नावानं असे गहू वाटतात. घास गिळावा की थांबावं, कळेना. गिळला. तिच्या आईनं, रूझानं टाकू दिला नसता.

रूझा मॅसेडोनियाची सिनेनटी. स्कोप्येच्या रंगभूमीवरून बेलग्रेडच्या सिनेमात गेली आणि युद्धपटांत मरत राहिली. कधी विहिरीशी, कधी बर्फात, मध्यंतराच्या आधी हमखास. चेहरा तिचा, आवाज मात्र दुसरीचा. तिथल्या, राजधानीच्या भाषेत ती बोलली की गावाकडची वाटे, म्हणून प्रत्येक सिनेमात तिचं बोलणं दुसऱ्या बाईकडून डब करून घेत. "लोक रस्त्यात ओळखायचे," अंगणात तांबड्या मिरच्या भाजता भाजता ती सांगायची, "आणि मी बोलले की म्हणायचे, छे, ही ती नव्हे!" पुढे देश फुटला, कामं संपली, आणि नव्वदच्या दशकात ती लेकीमागे इथे आली. तिच्या निखाऱ्यावर मी भरताचं वांगं सरकवायची, तिथून आमची मैत्री.

तसं पाहिलं तर मीही नटीच! कॉलेजच्या नाटकात राणी होते. भाड्याचा शालू, दोन गजरे, आणि उद्यापासून पुणं आपलंच अशी खात्री. आवाज तिसऱ्या रांगेपर्यंतही पोचला नाही. मागून कोणी ओरडलं, "राणीसाहेब, प्रधानजींच्या कानात काय सांगताय? आम्हालाही कळू द्या!" ही बया पुढे कित्येक वर्षं त्याला 'संयत अभिनय' म्हणत हिंडली. हे ऐकून रूझा पोट धरून हसली. मग दुधाचा रिकामा क्रेट कुंपणाशी पालथा घातला, मला त्यावर उभं केलं आणि माझ्या पोटावर बोटं टेकवून म्हणाली, "आवाज इथून. गळा म्हणजे नुसतं दार."

सिनेमा शिकणाऱ्या एका मुलीला तिच्या छोट्या फिल्मसाठी म्हातारी आई हवी होती. रूझानं एकच अट घातली : एक वाक्य माझ्या भाषेत, माझ्या आवाजात. कामावर निघालेल्या मुलाला आई म्हणते, "जेवून जा." एवढंच. पेनरोजला कारखान्याशेजारच्या एका घरात शूटिंग ठरलं. तोवर ते वाक्य मी कुंपणापलीकडून रोज ऐकलं. रागात, लाडात, रडवेलं... भाषा कळत नव्हती, पण दर वेळी मला भूक लागायची.

फिल्म दाखवली त्या हॉलमध्ये आम्ही मागे बसलो होतो. पडद्यावर रूझाचे ओठ हलले, आणि आवाज आला कुणा भलत्याच बाईचा, इंग्रजीत. ट्रकच्या गोंगाटात मूळ आवाज वाया गेला होता. तिला सांगायचा धीर त्या मुलीला झाला नव्हता. शेजारी पाहायचा मलाही झाला नाही.

रूझा उठली. पडद्यावरचा मुलगा दाराबाहेर पडायच्या आत तिनं आपलं वाक्य आपल्या भाषेत म्हटलं. ओरडली नाही, म्हटलं. पुढच्या सगळ्या रांगा मागे वळल्या. मग पर्स उचलत मला म्हणाली, "चल. मिरच्या सोलायच्या राहिल्यात."

क्रेट अजून कुंपणाशीच आहे. काल नात काही न खाताच शाळेला निघाली. मी क्रेटवर चढले, पोटावर बोटं ठेवली आणि म्हटलं, "जेवून जाऽऽ!"

ती कोपऱ्यावरच्या डेअरीपाशी (इथे किराणा दुकानाला डेअरीच म्हणतात) पोचली होती. गर्रकन वळली. "आजी! होल स्ट्रीट हर्ड यू!"

शेजारच्या स्वयंपाकघराची खिडकी उघडली. एलेनानं ती उघडीच ठेवली. आणि डेअरी... डेअरी तिसऱ्या रांगेच्या बरीच मागे आहे.