कंट्रोलमधले मासे

कंपनीच्या पाण्याचा रिपोर्ट दोन पानांचा असतो. पहिल्या पानावर नुसते आकडे: पीएच, सीओडी, तेलाचं प्रमाण, क्रोमियम. दुसऱ्या पानाच्या तळाशी, माझ्या सहीच्या जरा वर, एक ओळ अशी असते की जिच्यापुढे आकडाच नसतो. तिथे 'बायोअसे' असं लिहिलेलं असतं आणि पुढे 'पास' किंवा 'फेल'. रिपोर्ट वाचणारे बहुतेक लोक तिथपर्यंत पोहोचत नाहीत.

कॉलेजात हा शब्द मला दोन मार्कांना आला होता. एखाद्या पदार्थाचा जिवंत प्राण्यावर, वनस्पतीवर किंवा पेशींवर काय परिणाम होतो ते पाहून त्या पदार्थाची ताकद ठरवायची, ही व्याख्या मी इंग्रजीत पाठ केली होती आणि दोन्ही मार्क मिळवले होते. औषधांच्या कारखान्यात हा शब्द एका कामाला वापरतात, कीटकनाशकांच्या कारखान्यात दुसऱ्या. अंबरनाथच्या एमआयडीसीतल्या आमच्या छोट्या लॅबमध्ये त्याचा अर्थ एवढाच: कंपनीने शुद्ध करून बाहेर सोडलेल्या पाण्यात दहा मासे चार दिवस ठेवायचे आणि शेवटी किती जगले ते मोजायचं. नऊ जगले तर पास.

शेजारी दुसरी टाकी असते. तिच्यात साधं स्वच्छ पाणी आणि तसलेच दहा मासे. तिला कंट्रोल म्हणतात. कंट्रोलमधला एखादा मासा मेला तर चालतं, पण दोन मेले की अख्खी चाचणी रद्द. मग दोष पाण्याचा की माशांचा की आमचा, हे सांगता येत नाही.

मासे मी उल्हासनगरच्या एका अ‍ॅक्वेरियमच्या दुकानातून आणायची. अंगावर निळे पट्टे असलेले, बोटाच्या पेराएवढे. दुकानदार सिंधी काका होते. दर पंधरा दिवसांनी मी चाळीस मासे नेते म्हणजे माझ्या घरी ते मरतात, असा त्यांचा समज झाला होता. "बेटा, पानी में गड़बड़ है तेरे घर में," ते म्हणायचे आणि पाणी कसं बदलायचं ते पहिल्यापासून समजावायचे. खरं काय ते सांगायला हवं होतं, पण पहिल्या खेपेला बोलले नाही आणि मग सांगायची वेळच निघून गेली. मी मान हलवून पिशवी घ्यायची. माझं बऱ्याच ठिकाणी असंच होतं.

घरी मात्र हा शब्द समजावून सांगावा लागला. आम्ही चिखलोलीला राहतो, आई, पप्पा आणि मी. पप्पा एका केमिकल कंपनीत सांडपाणी शुद्ध करायच्या प्लांटवर ऑपरेटर आहेत, एकोणीस वर्षं, आणि अजून कॉन्ट्रॅक्टवरच. त्यांचं शिक्षण दहावीपर्यंत, मराठी शाळेत. मी डिक्शनरीत पाहून त्यांना 'जैव आमापन' असा शब्द सांगितला. तो दोघांनाही कळला नाही. मग मी मासे, टाकी, चार दिवस, असं सांगितलं. पप्पांना ते फार आवडलं. त्यांचं लहानपण बदलापूर गावात गेलेलं. नदीत टॉवेल धरून ते मासे पकडायचे. कुठल्या पाण्यात कुठला मासा टिकतो हे त्यांना माझ्यापेक्षा जास्त माहीत होतं. मीटर कुठे बुडवायचा ते माणूस ठरवतो, ते म्हणाले, माशाला मात्र त्याच पाण्यात राहावं लागतं.

आई बोंबील साफ करत होती. "रविवारी विहारात पंचशील म्हणायचं," ती म्हणाली, "आणि सोमवारपासून मासे मारायचे. चांगली नोकरी बघितलीस."

"तू काय करतेयस आत्ता?" पप्पांनी विचारलं.

"मी पगार घेत नाही त्याचा," आई म्हणाली.

लॅबमध्ये येणाऱ्या कॅनवर कंपनीचं नाव नसतं. आमच्या मॅडम ते काढून नंबर चिकटवतात, म्हणजे टेस्ट करणाऱ्याला पाणी कोणाचं ते कळू नये. दोन वर्षं मला कधी कळलं नव्हतं. पण त्या सोमवारी आलेल्या मोठ्या पांढऱ्या कॅनचं झाकण सायकलच्या ट्यूबची पट्टी आवळून बांधलेलं होतं, आणि पट्टीचं टोक दोनदा आतून ओवून घेतलेलं. आमच्या घरी रॉकेलच्या डब्यापासून लोणच्याच्या बरणीपर्यंत सगळं तसंच बांधतात. पप्पाच बांधतात.

मी मॅडमना सांगायला हवं होतं की हा कॅन मी घेऊ नये. मी कॅन उघडला आणि त्यातलं लागेल तेवढं पाणी टाकीत ओतलं.

कारण आदल्याच आठवड्यात पप्पा आईला सांगत होते की प्लांटवरचा ब्लोअर बंद पडलाय. ब्लोअर म्हणजे टाकीत हवा सोडणारा पंखा. तो बंद असला की पाण्यातली घाण खाणारे जिवाणू मरतात आणि पाणी नुसतं एका टाकीतून दुसऱ्या टाकीत फिरतं. महिना झाला होता, कोणी दुरुस्त करत नव्हतं. "रिपोर्ट फेल आला तर पहिला बाहेर मी," ते म्हणाले होते. "ऑपरेटरने नीट चालवलं नाही, असं लिहिलं की झालं." ते अगदी साध्या आवाजात बोलले. मी आतल्या खोलीत कपड्यांच्या घड्या घालत होते. माझ्याशी ते याबद्दल काही बोलले नाहीत, मीही विचारलं नाही.

संध्याकाळपर्यंत मासे पाण्याच्या वर येऊन तोंड उघडझाप करू लागले. मंगळवारी सकाळी दोन आडवे झाले होते. काचेच्या काडीने हलकेच ढोसायचं, हललं नाही तर मेला धरायचा, काढायचा आणि वहीत पेन्सिलीने लिहायचं, अशी पद्धत. पेन्सिल यासाठी की पक्कं शेवटी मॅडम शाईने करतात. मी 'दोन' लिहिलं. म्हणजे फेल झालंच होतं. बाकीचे तीन दिवस नुसते मोजायचे होते. बुधवारी सकाळी पाच झाले.

टाक्यांच्या खोलीला खिडकी नाही. तापमान सारखं राहावं म्हणून दार बंद ठेवतात. मी तिथे स्टुलावर बसून राहायची. बाहेर मॅडम फोनवर बोलत असायच्या. कंट्रोलमधले दहाही मासे छान फिरत होते, मी जवळ गेले की खायला मिळेल म्हणून काचेशी यायचे.

दोन्ही टाक्यांतलं अर्धं पाणी आम्ही रोज बदलतो. एकीत कॅनमधलं घालायचं, दुसरीत कोपऱ्यातल्या निळ्या ड्रममधलं. ड्रममधलं पाणी दोन दिवस उघडं ठेवलेलं असतं, म्हणजे त्यातलं क्लोरीन उडून जातं. नळ ड्रमच्या बरोब्बर वर आहे. नोकरीच्या पहिल्या महिन्यात मी ड्रमऐवजी थेट नळाचं पाणी घातलं होतं आणि सकाळी कंट्रोल टाकीतले सगळे मासे मेले होते. तेव्हा मॅडम फार रागावल्या नव्हत्या. नवीन माणसाकडून हे एकदा होतंच, म्हणाल्या. चाचणी रद्द झाली होती आणि कंपनीकडून दुसरा कॅन मागवला होता.

बुधवारी दुपारी मी प्लास्टिकचा मग हातात घेऊन तिथे उभी होते. कोणीही विचारलं तर उत्तर तयार होतं, आणि ते आधी एकदा खरंही होऊन गेलं होतं. मला एवढंच वाटत होतं की पप्पांना थोडे दिवस मिळतील. तेवढ्यात ब्लोअर दुरुस्त होईल. मी नळ सोडला. कंट्रोलमध्ये सहा मग घातले. मासे प्रत्येक मगाला वर येत होते.

गुरुवारी सकाळी कंट्रोलमधले दहाही मेलेले होते. कंपनीच्या पाण्यातले चार अजून जिवंत होते. मी ते मॅडमना दाखवलं. त्यांनी माझ्याकडे जरा जास्त वेळ पाहिलं. "परत नळाचं घातलंस?" त्यांनी विचारलं. मी हो म्हणाले. त्यांनी वहीतलं पेन्सिलीचं पान खोडून 'रद्द' लिहिलं आणि कंपनीला फोन लावला. फोनवर त्या म्हणाल्या की आमच्याकडून चूक झाली, दुसरं सँपल पाठवा. मग आवाज खाली आणून म्हणाल्या की यावेळी जरा काळजी घ्या, तुमच्या पाण्यातलेही मासे मरत होते.

हे वाक्य माझ्या हिशेबात नव्हतं.

दुसरा कॅन शुक्रवारी आला. त्याचं झाकण पांढऱ्या सेलोटेपने गुंडाळलेलं होतं. पाणी जवळजवळ रंगहीन होतं. चार दिवस मासे मजेत होते, दहापैकी दहा. मॅडमनी शाईने 'पास' लिहिलं, मी खाली सही केली, आणि रिपोर्ट गेला.

त्या संध्याकाळी जेवताना पप्पा हसत हसत आईला सांगत होते. पहिला कॅन आमच्याच लॅबला आला होता, हे त्यांना सुपरवायझरच्या बोलण्यातून कळलं होतं. मग ते माझ्याकडे वळून म्हणाले, "तुमच्या माशांनी घोटाळा केला गं माझा."

सँपल भरताना अर्धं बोअरवेलचं पाणी मिसळायचं, अशी सुपरवायझरची तोंडी सूचना असायची. दरवेळी पप्पाच ते मिसळायचे. यावेळी त्यांनी मिसळलं नाही. खरं पाणी भरलं आणि झाकण बांधून दिलं. रिपोर्ट फेल येईल, नोटीस येईल, मग ब्लोअर दुरुस्त करावाच लागेल, असं त्यांनी ठरवलं होतं.

"आणि तुमची नोकरी?" आईने विचारलं. तिलाही हे पहिल्यांदाच कळत होतं.

"गेली असती तर गेली असती. एकोणीस वर्षं तेच पाणी नाल्यात सोडतोय मी." त्यांनी भात कालवला. "पण लॅबचे मासेच आजारी निघाले. चाचणी रद्द. मग लॅबच्या फोनवरून सुपरवायझरला कळलं मी मिसळलं नव्हतं ते. दुसरा कॅन त्यानेच भरला."

मी ताटाकडे बघत होते. गप्प राहिले असते तर कोणालाही कधी कळलं नसतं. ते माशांना दोष देऊन मोकळे झाले होते.

"मासे चांगले होते, पप्पा," मी म्हणाले.

मग ट्यूबची पट्टी, ड्रम, नळ, सहा मग, सगळं सांगितलं. पप्पांनी एकच विचारलं, "तोपर्यंत माझ्या पाण्यात किती मेले होते?" मी सहा म्हणाले. त्यांनी मान हलवली, जणू त्यांचा अंदाज बरोबर निघाला होता. मला ओरडले असते तर बरं झालं असतं.

सकाळी निघताना ते दारात म्हणाले, "मॅडमना सांग. जे झालं ते सांग."

मी सांगितलं. वाटेभर वाक्यं जुळवत होते, तरी ती उलटसुलटच आली. मॅडमनी ऐकून घेतलं. नंतर त्या शांतपणे म्हणाल्या, "कंट्रोल मेलं म्हणजे ती चाचणी झालीच नाही. जी झालीच नाही तिच्याबद्दल तू मला काय सांगतेयस?"

व्याख्येप्रमाणे ते बरोबर होतं. मला तेच शिकवलं होतं आणि मी त्याचाच आधार घेतला होता. ते सहा मासे कुठेच मेले नव्हते. वहीत नव्हते, रिपोर्टात नव्हते. मी राजीनाम्याचं काहीतरी पुटपुटले. त्या म्हणाल्या, जायचं तर जा, पण रिपोर्टवर सही तुझी आहे, ती तुझ्याबरोबर येईल.

मी गेले नाही. अजून तिथेच आहे.

घरी पप्पांना मॅडमचं बोलणं सांगितलं. त्यांनी पुढचं सँपल कधी आहे असं विचारलं. तीन महिन्यांनी, मी म्हणाले.

"कॅन आता माझ्या हातात देत नाहीत," ते म्हणाले. "टाक्या मात्र मीच चालवतो." ब्लोअर अजून बंदच होता.