बाहेरून आणलेला मिस्त्री

नावं मी कुणाचीच घेणार नाही. भिलाई दिसते मोठी, पण इथे सकाळी कुणाचं नाव घेतलं की संध्याकाळी त्याची मेहुणी दारात उभी असते. शिवाय मी जन्मभर शाळेत इतिहास शिकवला, आणि ज्या प्रकरणावर माझी हुकमत होती त्यात एकाही माणसाचं नाव नव्हतं. सहावीचं पुस्तक, जगातली पहिली नगरं. सरळ रस्ते, काटकोनात मिळणाऱ्या गल्ल्या, झाकलेली गटारं आणि सगळीकडे एकाच मापाच्या भाजक्या विटा. उंची एक, रुंदी दोन, लांबी चार. झोपेतून उठवून विचारलं तरी मी हे माप सांगेन.

भिलाईच्या पोरांना या प्रकरणाचं काडीचं कौतुक नसे. मी फळ्यावर मोहेंजोदडोचा नकाशा काढला की मागच्या बाकावरून आवाज यायचा, "मैडम, ये तो सेक्टर टू है।" पोरांचं चुकत नव्हतं. मी स्वतः सेक्टर दोनमध्ये वाढले. एकसारखे रस्ते, एकसारख्या रांगा, एकसारखी क्वार्टरं. एकदा पहिल्या पाळीवरून दुपारी घरी येणारे माझे बाबा सरळ मागच्या रांगेतल्या क्वार्टरमध्ये शिरले, चपला काढल्या, खाटेवर बसले आणि पाणी मागितलं. त्या घरच्या तेलुगू काकूंनी निमूट पाणी आणून दिलं. त्यांना वाटलं, यजमानांकडे कुणी कामाला आलंय. तांब्या रिकामा झाल्यावर बाबांचं लक्ष भिंतीवरच्या देवाकडे गेलं, आणि हा देव आपला नव्हे हे त्यांच्या ध्यानात आलं. पुस्तकात ज्याला नगररचनेचा उत्कर्ष म्हणतात तो हाच.

पुस्तकात आणखी एक गोष्ट असते, वरचं नगर आणि खालचं नगर. वर धान्याची कोठारं, मोठं स्नानगृह, अधिकाराची माणसं. खाली बाकीचे. विद्वान लोक अजून भांडतात की खरंच असं होतं का. भिलाईत भांडायची गरज नाही. इथे पत्ता सांगितला की बापाचा हुद्दा, पगार आणि अंगणात आंब्याची झाडं किती, एवढं सगळं समोरच्याला आपोआप कळतं.

माझे बाबा खालच्या नगरातले. भंडाऱ्याकडचं शेतीवालं घर सोडून ते प्लांटमध्ये आले आणि विटा रचत राहिले. वितळलेलं पोलाद ज्या भल्यामोठ्या बादलीतून नेतात तिला लॅडल म्हणतात. तिला आतून विटांचं अस्तर असतं. ते झिजलं की फोडायचं आणि आत उतरून नवं रचायचं. हे त्यांनी रिटायर होईपर्यंत केलं. त्यांच्या बोटांची टोकं इतकी गुळगुळीत झाली होती की पुढे कुठेही अंगठा लावायची वेळ आली की यंत्र त्यांना ओळखायला नकार द्यायचं.

आणि मी? मी वैशाली नगरातल्या एका खाजगी शाळेत नोकरीला लागले तेव्हा मुलाखतीत मला विचारलं, "पिताजी क्या करते थे?" मी म्हटलं, "प्लांट में थे, सिविल में।" सिव्हिल म्हटलं की ऐकणाऱ्याच्या डोळ्यांपुढे नकाशाची गुंडाळी काखेत मारलेला इंजिनिअर उभा राहतो. मी त्याला उभा राहू दिला. शिक्षकांच्या खोलीत बहुतेक जणी साहेब लोकांच्या बायका नाहीतर मुली. त्यांच्यात बसून मीही नाकाने कांदे सोलायला शिकले. अकरा वर्षं तो इंजिनिअर माझ्या बापाच्या जागी उभा होता आणि मला त्याची सवय झाली होती. मिस्त्रीची पोरगी आहे हे तिथे कुणाला कळू नये, एवढीच माझी इच्छा होती.

मग शाळेने प्रदर्शन काढलं. विषय, प्राचीन नगरं. मुख्याध्यापिकाबाईंनी मला बाजूला घेऊन सांगितलं की विभागप्रमुखाची जागा रिकामी आहे, आणि यंदा पाहुणे म्हणून येणारे साहेब इतिहासाचे शौकीन आहेत. यातल्या पहिल्या वाक्याचा दुसऱ्याशी संबंध काय, हे मला फोड करून सांगावं लागलं नाही.

प्रदर्शनाची तयारी म्हणजे सुपेल्याच्या बाजारात प्रोजेक्ट बनवून देणारी दोन-तीन दुकानं आहेत, तिथे आयांची रांग. आठवड्याभरात शाळेत सतरा मोहेंजोदडो आले. सगळे थर्मोकोलचे. एकात महास्नानगृहाच्या निळ्या जेलीवर प्लास्टिकची बदकं पोहत होती. एकात मधोमध मंदिर होतं आणि त्यावर भगवा झेंडा. एकाला रस्त्याच्या दोन्ही कडेला एलईडी दिवे होते आणि ते बंद-चालू होत. ज्या आईने ते आणलं तिने मला अभिमानाने सांगितलं, "मैडम, इसने पूरा खुद बनाया है।" इसने शेजारी उभा राहून चिप्स खात होता. झाकलेलं गटार मात्र सतरापैकी एकातही नव्हतं. त्याचं नवल वाटायला नको. वैशाली नगरात आम्ही सगळ्यांनीच आपापल्या गाडीसाठी गटारावर सिमेंटचा पक्का रॅम्प ओतून घेतलाय. पाऊस आला की पाणी वाट विचारत घराघरात येतं. मोहेंजोदडोवाले गटारावरची लादी उचलून साफ करायचे, हे मी दरवर्षी शिकवायचे आणि शिकवून माझ्या रॅम्पवरून स्कूटी घरात घ्यायचे. लोकां सांगे ब्रह्मज्ञान.

त्या दिवसांत मी पुस्तक घरी आणलं होतं. बाबा तेव्हा आमच्याकडेच राहत. त्यांनी चष्मा चढवून पान उलटलं आणि एका चित्रावर थांबले.

"हे काय होय?"

"विहीर होय बाबा. मोहेंजोदडोची. साडेचार हजार वर्षं झाले."

त्यांनी पुस्तक उजेडात धरलं. "वीट पाय पोरी. आतून निमुळती, बाहेरून रुंद. पाचरीवानी. हे तं माह्या लॅडलची वीट होय!"

"बाबा, ते वेगळं हाय."

"वेगळं कायचं? गोल रचाचं असन तं सीधी वीट चालत नाई. सांधा मोठा होते, अन् सांध्यातूनच मरन येते. ज्यानं हे केलं त्याले समजत होतं." मग एकदम म्हणाले, "कोन होता तो मिस्त्री? नाव लिवलं असन न?"

"नाई लिवलं."

"कावून?"

"कोनालेच माहीत नाई."

"राजाचं?"

"राजाचं बी नाई."

"मंग ठीक हाय," बाबा म्हणाले. त्यांना बरं वाटलं असावं. मी त्यांना खूश करायला सांगितलं की तिकडच्या एका गावात विटेवर कुत्र्याच्या पावलाचा ठसा सापडलाय, ओली वीट वाळत असताना तो तिच्यावरून पळाला होता.

"कुत्र्याचा सापडला न. चाला," ते म्हणाले. पण त्यांच्या डोक्यातून ते गेलं नाही. जेवताना घास हातात धरून पुन्हा म्हणाले, "पन त्या टायमाले तं माहीत असन कोनाले. त्याच्या पोराबाळाइले तं माहीतच असन. त्याइनं कावून नाई सांगतलं?"

मी हसले आणि त्यांना वरण वाढलं.

विहीर बांधायची कल्पना त्यांचीच. शाळेत मी ती माझी म्हणून सांगितली. थर्मोकोलच्या सतरा शहरांत खऱ्या विटांची एक विहीर, कमरेएवढी. मुख्याध्यापिकाबाई टाळी वाजवायच्याच बाकी होत्या. बाबा आठ दिवस आमच्या मागच्या अंगणात बसून साध्या लाल विटा बसुल्याने पाचरीसारख्या छाटत होते. एक-एक वीट हातात घेऊन डोळ्यासमोर धरायचे, नाकारायचे, पुन्हा छाटायचे. माझ्या नवऱ्याने विचारलं, बाजारात तयार मिळत नाहीत का? बाबांनी त्याच्याकडे असं पाहिलं की त्याने त्या आठवड्यात पुन्हा अंगणात पाऊल टाकलं नाही.

रविवारी शाळा रिकामी होती तेव्हा मी त्यांना स्कूटीवर मागे बसवून नेलं. फाटकावरच्या चौकीदाराने विचारलं, "कौन?" मी म्हटलं, "मिस्त्री है।" यात खोटं काहीच नव्हतं, म्हणून मला ते सोपं गेलं. बाबांनी ओळंबा काढला, मधोमध खुंटी ठोकली, दोरीने गोल आखला आणि गाऱ्याचा एक थेंबही न वापरता पहिला थर मांडला. मग मला म्हणाले, "ढकल." मी ढकललं. विटा हलल्या नाहीत, उलट एकमेकींना घट्ट चिकटल्या. "पाय, जेवढी बाहेरून माती दाबन तेवढी पक्की होते," ते म्हणाले, आणि मग संध्याकाळपर्यंत वरचे थर गाऱ्यात चढवले. अकरा वर्षं मी ही विहीर शिकवत होते आणि ती उभी का राहते हे मला त्या दिवशी कळलं. मला त्यांचा खूप अभिमान वाटला. आजूबाजूला कुणी नव्हतं, त्यामुळे वाटून घेता आला.

प्रदर्शनाच्या दिवशी त्यांनी यायचं नव्हतं. तसं ठरलं नव्हतं, पण मी बोलावलं नव्हतं आणि त्यांना ते कळलं असेल असं मी धरून चालले. पण रचलेलं काम दुसऱ्या दिवशी जाऊन एकदा पाहायचं, ही त्यांची जुनी सवय. गारा वाळला की कुठे भेग पडते ते मिस्त्रीने स्वतःच पाहावं लागतं. ते धुतलेला पांढरा शर्ट घालून, खांद्याला थापीची पिशवी लावून ऑटोने आले आणि विहिरीजवळ उकिडवे बसून वरच्या थरावरून बोट फिरवत होते, नेमके तेव्हाच साहेब आले.

साहेबांनी सतरा शहरं सतरा पावलांत संपवली. बदकांपाशी हसले. विहिरीपाशी मात्र थांबले, वाकले, आत पाहिलं, काठावर हात ठेवून जोर दिला. खरंच शौकीन निघाले. म्हणाले, "ये तो असली चीज़ है। किसने बनाया?"

मुख्याध्यापिकाबाईंनी माझ्याकडे पाहिलं. शिक्षकांच्या खोलीतल्या सगळ्याजणी मागे उभ्या होत्या. बाबांनीही मान वर करून माझ्याकडे पाहिलं. त्यांच्या तोंडावर ते हसू होतं, जे कुणी आपली ओळख करून देणार असेल तर माणूस आधीच तयार ठेवतो.

मी म्हटलं, "सर, डिज़ाइन हमारे विभाग का है। मिस्त्री बाहर से बुलवाया था।"

साहेबांनी बाबांच्या खांद्यावर हात ठेवला. "बहुत बढ़िया काम है, बाबा," ते म्हणाले. साहेबांना त्यांना बाबा म्हणता आलं. त्यांची काही अडचण नव्हती.

मग फोटोची वेळ झाली. मुख्याध्यापिकाबाई म्हणाल्या, "मिस्त्री, ज़रा साइड हो जाओ।" बाबा उठून बाजूला झाले. दोन पावलं गेले, आणि परत येऊन काठाशी राहिलेली थापीची पिशवीही उचलून नेली, फोटोत येऊ नये म्हणून. त्या फोटोत मी साहेबांच्या उजव्या हाताला आहे. साडी चांगली दिसते.

विभागप्रमुख मी झाले. थर्मोकोलची सतरा शहरं दुसऱ्या दिवशी झाडूवालीने तासाभरात कचऱ्यात घातली. विहीर मात्र फुटेना. दोन मजूर लावले, त्यांनी वरचा एक थर काढला आणि कंटाळून गेले. शेवटी तिच्यात माती भरून मोगरा लावला, आणि समोर पाटी बसवली, "इतिहास विभाग" आणि खाली माझं नाव. आयत्या बिळावर नागोबा म्हणतात तो मी. रिटायर होईपर्यंत रोज सकाळी त्या पाटीवरून जात राहिले. बाबा त्याच्या पुष्कळ आधी गेले. पाटी बदलावी असं मला दरवर्षी वाटायचं, आणि दरवर्षी कारण सांगावं लागेल म्हणून राहून जायचं.

प्रदर्शनाच्या दिवशी शाळा सुटल्यावर मी त्यांना स्कूटीवर घेऊन घरी निघाले. ते दुपारभर फाटकाबाहेरच्या चहाच्या टपरीवर बसून होते. काय बोलायचं ते मी ठरवत होते, आणि प्रत्येक वाक्य तयार होऊन मोडत होतं. ते मागे पिशवी मांडीवर धरून बसले होते. रागावले असते तर बरं झालं असतं, मला भांडायला जमतं. आमच्या गल्लीच्या वळणावर त्यांनी माझ्या कानाशी वाकून, काही तरी उलगडल्यासारखं अगदी शांतपणे सांगितलं,

"मोहेंजोदडोच्या त्या मिस्त्रीले बी पोरगीच असन."