खोटं रडणारा हळूच बघतो

सन २००१, माझं वय सहासष्ट. धाकट्या पोराची कॉम्प्युटरची नोकरी गेली, तेव्हापासून तो मांजरी गावातल्या आमच्या घरात भिंतीकडं तोंड करून पडायचा. जेवायचा नाही, मधूनच रडायचा. मी म्हणायचो, नाटकं आहेत. शेवटी डॉक्टरांनी आम्हाला बिबवेवाडीच्या एका समुपदेशक बाईंकडं धाडलं.

बाई पन्नाशीच्या, हातात ना कागद ना पेन. पोरगा बोलेना, तर त्याही बोलेनात. मांडीवर हात ठेवून नुसत्या त्याच्याकडं बघत राहिल्या.  शेवटी मलाच राहवेना.

"बाई, मी चौथी शिकलेला, पण नाटक ओळखतो," मी म्हणालो.

"मीही ओळखते. पूर्वी मी सिनेमात होते. सेन्सॉरला न दाखवता कुणाच्या तरी घरी चादरीचा पडदा लावून दाखवायचे, तसले सिनेमे. बारा वर्षं खोटं रडले."

"मग?"

"काका, खोटं रडणारा हळूच बघतो, कुणी बघतंय का. अर्धा तास झाला, ह्यानं तुमच्याकडं एकदाही बघितलं नाही. ह्याला एकटं सोडू नका."

रिक्षात मला बाईंचा राग येत होता, पण पोराचं मनगट मी घरापर्यंत सोडलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी उसाला पाणी द्यायला गेलो नाही. दोन कप चहा घेऊन त्याच्या खाटेशी जमिनीवर बसलो. चहा गार झाला, तरी त्यानं वर बघेपर्यंत उठलो नाही.